‘उतरवून घेणे’ : कारंज्याच्या पोथ्या आणि विकत घेतलेले खेळ

‘उतरवून घेणे’ हे मराठीतले जुने क्रियापद आहे. फळ्यावरचा मजकूर वहीत उतरवून घेतला जातो. एका पोथीवरून दुसरी पोथी उतरवून घेतली जात असे. संगणक घरोघरी आल्यावर ‘डाउनलोड’साठीही मराठी संकेतस्थळांनी हेच क्रियापद योजले. दोन्ही ठिकाणी नक्कलच होत असल्यामुळे ही योजना समर्पक म्हटली पाहिजे. तरीही या दोन उतरवून घेण्यांत एक मूलगामी भेद आहे. जुन्या व्यवहारात उतरवून घेतलेली प्रत घेणाऱ्याच्या स्वाधीन होई आणि तिच्यावरून पुढच्या प्रती निघत. नव्या व्यवहारात प्रत हरवली किंवा पुसली गेली, तर पुन्हा त्याच एका दाराशी जावे लागते आणि ते दार उघडे असेल याची हमी नसते. आम्ही वाशीम जिल्ह्यात मराठी शिकवणारे अध्यापक. आमच्याच जिल्ह्यातील कारंजा या गावाने मराठीच्या पूर्वपीठिकेचा फार मोठा ठेवा केवळ नकलांच्या बळावर सांभाळला. म्हणून हा भेद कारंज्याच्या बाजूने पाहावा, असा या लेखाचा हेतू आहे.

प्रथम नवा व्यवहार. दूरचित्रवाणी संचाला जोडून खेळण्याच्या गेमिंग कन्सोलवर पूर्वी खेळ तबकडीच्या किंवा काडतुसाच्या रूपाने येत. तबकडी मित्राला देता येई, जुनी झाली की विकता येई. साधारण २००६ पासून कन्सोलमध्येच कंपनीचे दुकान उघडले गेले आणि खेळ तारेवाटे थेट यंत्रात येऊ लागला. यंत्रातील जागा मर्यादित आणि खेळ अवाढव्य, म्हणून एक पुसल्यावाचून दुसरा मावत नाही. त्यावर तोड अशी, की खरेदीची नोंद ग्राहकाच्या खात्यावर राहते आणि पुसलेला खेळ हवा तेव्हा मूल्य न देता पुन्हा उतरवून घेता येतो. सोय उत्तम आहे. मात्र नोंद ग्राहकाच्या नावावर असली, तरी प्रत कंपनीच्या सर्व्हरवर असते आणि तिचे कुलूपही कंपनीचेच असते. ग्राहकाकडे उरते ती परवानगी.

ही परवानगी किती काळ टिकते याची उदाहरणे आता इतिहासात जमा होऊ लागली आहेत. ‘वी’ या कन्सोलचे दुकान निन्टेन्डो कंपनीने जानेवारी २०१९ मध्ये बंद केले. ‘थ्री-डी-एस’ आणि ‘वी-यू’ यांच्या दुकानांतील विक्री मार्च २०२३ मध्ये थांबली. घेतलेले खेळ पुन्हा उतरवून घेण्याची सोय तूर्त राहील, असे दोन्ही वेळा कंपनीने सांगितले. कायमची राहील, असे सांगितले नाही. सोनीने २०२१ मध्ये आपल्या जुन्या कन्सोलांची दुकाने मिटण्याचे जाहीर केले आणि ग्राहकांच्या नाराजीनंतर काही आठवड्यांतच तो निर्णय बराचसा मागे घेतला. ‘पी. टी.’ नावाचा, २०१४ मध्ये विनामूल्य दिलेला एक छोटा भयखेळ २०१५ मध्ये दुकानातून काढून घेतला गेला. ज्यांनी तो यंत्रातून पुसला होता त्यांना तो पुन्हा उतरवून घेता येईना. ज्यांच्या यंत्रात तो राहिला त्यांची यंत्रेच दुर्मीळ वस्तू म्हणून विकली जाऊ लागली. अमेरिकेतील ‘व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन’ने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार २०१० पूर्वी त्या देशात निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आज बाजारात मिळत नाहीत.

‘खेळच तर आहेत, गेले तर काय बिघडले?’ असा प्रश्न येथे कोणी करील. त्याला दोन उत्तरे आहेत. एक, तमाशाची वगनाट्ये, लावण्या, कीर्तनातील आख्याने यांविषयीही एके काळी हेच म्हटले गेले आणि त्याचे मोल अभ्यासकांना आजही मोजावे लागत आहे. दुसरे, जी व्यवस्था खेळांना लागू आहे तीच पुस्तकांनाही लागू झाली आहे. जुलै २००९ मध्ये अॅमेझॉनने हक्कांच्या वादावरून ऑर्वेलच्या दोन पुस्तकांच्या विकल्या गेलेल्या प्रती वाचकांच्या किंडल यंत्रांतून परस्पर काढून घेतल्या. त्यांतील एक ‘१९८४’ होते. पैसे परत मिळाले, पण विकलेले पुस्तक दुकानदाराला ग्राहकाच्या कपाटातून दुरूनच उचलता येते, हे त्या दिवशी सिद्ध झाले.

सशर्त मालकी ही मात्र काही नवी गोष्ट नाही. वाशीम म्हणजे वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी वत्सगुल्म. तेथे १९३९ मध्ये दुसऱ्या विंध्यशक्तीचा ताम्रपट सापडला. राजाची वंशावळ संस्कृतात आणि दानाचा तपशील प्राकृतात, अशी त्याची दुहेरी भाषा आमच्या विद्यार्थ्यांना परिचित आहे. वाकाटकांच्याच दुसऱ्या शाखेतील दुसऱ्या प्रवरसेनाचा, अचलपूरजवळच्या चम्मक येथे मिळालेला ताम्रपट आमच्या विषयाला अधिक जवळचा आहे. एक हजार ब्राह्मणांना दिलेले ते गाव चंद्रसूर्य असेतोवर त्यांचे राहील, असे त्यात म्हटले आहे. पण लगेच अटीही येतात. दानग्राहींनी राज्याशी द्रोह करू नये, चोरी, व्यभिचार करू नये, इतर गावांना उपद्रव देऊ नये. तसे केल्यास राजाने भूमी काढून घेतली तरी ती चोरी ठरणार नाही. आजच्या दुकानांच्या करारपत्रातील कलमे याहून फार वेगळी नसतात. परंतु एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. अटी राजाच्या होत्या, तरी अटींचा पट तांब्यावर कोरून दानग्राहीच्या हाती दिलेला होता. राजाला तो दुरून बदलता येत नव्हता. राजवंश लयाला गेला आणि तो कागद, म्हणजे ते तांबे, दीड हजार वर्षांनी आपल्याला वाचायला मिळाले.

आता कारंजा. लाडांचे कारंजे म्हणून प्रसिद्ध असलेली ही व्यापारी पेठ. येथे दिगंबर जैनांच्या सेनगण, बलात्कारगण आणि काष्ठासंघ या तीन परंपरांची मंदिरे आणि त्यांच्या जोडीने पोथ्यांची भांडारे उभी राहिली. जैन परंपरेत आहार, औषध, अभय आणि शास्त्र अशी चार दाने सांगितली आहेत. शास्त्रदान म्हणजे एखादा ग्रंथ लेखकाकडून, म्हणजे लहियाकडून, उतरवून घेऊन तो मुनी, आर्यिका किंवा मंदिर यांना अर्पण करणे. आपल्या ज्ञानावर आलेले कर्माचे आवरण क्षीण व्हावे म्हणून श्रावक आणि श्राविका हे दान करीत. पोथीच्या शेवटी प्रशस्तीत कोणी, कोणासाठी, कोठे, कोणत्या संवतात ही प्रत लिहविली याची नोंद असे. नक्कल करणे हे येथे पुण्यकृत्य होते. एका प्रतीवरून दुसरी निघाली म्हणून पहिलीचा धनी दरिद्री झाला, असे कोणी मानीत नव्हते.

या पुण्यकृत्याचे फळ विसाव्या शतकात वाङ्मयेतिहासाच्या पदरात पडले. रायबहादूर हिरालाल यांनी मध्य प्रांत व वऱ्हाडातील संस्कृत-प्राकृत हस्तलिखितांची सूची १९२६ मध्ये प्रसिद्ध केली आणि तिच्यातून कारंज्याच्या भांडारांतील अपभ्रंश ग्रंथांकडे विद्वानांचे लक्ष वेधले गेले. अपभ्रंश ही प्राकृत आणि मराठी यांमधील पायरी. पण तोवर तिचे फार थोडे ग्रंथ छापले गेले होते. याकोबींनी संपादिलेली ‘भविसत्तकहा’ १९१८ ची. कारंज्याने हे चित्र पालटले. अमरावतीच्या किंग एडवर्ड कॉलेजात संस्कृत शिकवणारे डॉ. हिरालाल जैन यांनी कारंजा जैन ग्रंथमाला उभी केली. तिच्यात डॉ. प. ल. वैद्य यांनी संपादिलेले पुष्पदंताचे ‘जसहरचरिउ’ १९३१ मध्ये, खुद्द हिरालाल जैनांनी संपादिलेले ‘णायकुमारचरिउ’ १९३३ मध्ये आणि मुनी कनकामराचे ‘करकंडचरिउ’ १९३४ मध्ये निघाले. पुष्पदंत दहाव्या शतकात राष्ट्रकूटांच्या मान्यखेटात लिहीत होता. मान्यखेट लुटले गेले, राष्ट्रकूट गेले. त्याची काव्ये मात्र एका हातावरून दुसऱ्या हातावर उतरत वऱ्हाडातल्या एका पेठेत येऊन सुरक्षित राहिली. मूळ ‘सर्व्हर’ जळाल्यावरही ती पुन्हा मिळाली, कारण ती अनेकांकडे होती.

याच्या उलट बाजूचे उदाहरणही कारंज्याशी निगडित आहे. वीरसेनाचार्यांची ‘धवला’ ही ‘षट्खंडागमा’वरील नवव्या शतकातील टीका. तिच्या ताडपत्री प्रती शतकानुशतके कर्नाटकातील मूडबिद्री येथेच होत्या. त्यांचे दर्शन घेता येई. वाचन जवळजवळ कोणालाच करता येत नसे. १८९६ च्या सुमारास नकला करण्यास संमती मिळाली व ते काम पंचविसेक वर्षे चालले. मात्र नक्कल मूडबिद्रीबाहेर जाऊ नये अशी अट होती. नक्कल करणाऱ्या गजपती उपाध्याय यांनी गुपचूप आणखी एक प्रत करून ठेवली. ती सहारनपूरला पोचली आणि तेथून पुन्हा अशीच अधिकृत परवानगीवाचून निघालेली नक्कल आरा, अमरावती, कारंजा येथे पसरली. डॉ. हिरालाल जैन यांनी १९३९ मध्ये ‘धवले’चा पहिला खंड अमरावतीहून काढला तो या प्रतींच्या आधारे. पुढे मूडबिद्रीच्या विश्वस्तांनीच मूळ ताडपत्रांशी पाठ ताडून पाहण्यास साहाय्य केले आणि सोळा खंड पूर्ण झाले. मूडबिद्रीने ग्रंथ जपला हे खरे, आणि त्याचे ऋण मोठे आहे. पण तो वाङ्मयात पुन्हा आला तो ज्यांनी अट मोडून नक्कल केली त्यांच्यामुळे, हेही तितकेच खरे. या प्रसंगाचा निवाडा करणे सोपे नाही. आम्ही तो वर्गात मांडतो तेव्हा विद्यार्थी दोन तट करून बसतात, आणि ते योग्यच आहे.

महानुभावांचे उदाहरण मराठीच्या विद्यार्थ्याला सांगायला नको. त्यांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत बंद केले. आजच्या भाषेत तेही कुलूपच. तथापि कुलूपबंद पोथ्या मठामठांतून होत्या, म्हणून विसाव्या शतकाच्या आरंभी किल्ली सापडताच राजवाडे, भावे आदींना एक संपूर्ण वाङ्मय हाती आले. ‘लीळाचरित्रा’ची मूळ प्रत धाडीत नष्ट झाली आणि शिष्यांनी आठवणीतून ग्रंथ पुन्हा सिद्ध केला, अशी परंपरा आहे. पाठांचे भेद त्यातून आले, पण ग्रंथ आला.

जुना काळ गोंडस करून दाखविण्याचा आमचा उद्देश नाही. भांडारांना कुलपे होती. ती कोणत्या जातीच्या, कोणत्या लिंगाच्या माणसासाठी उघडत नसत, हे सर्वांना ठाऊक आहे. वाळवीने आणि दमटपणाने किती पोथ्या खाल्ल्या याची गणती नाही. शिवाय खेळ करणाऱ्या शेकडो कारागिरांचे पोट विक्रीवर चालते. पुष्पदंताला आश्रयदाता मंत्री होता, यांना नाही. तेव्हा ‘सारे काही सर्वांना फुकट’ ही घोषणा आम्ही देणार नाही. प्रश्न त्याहून लहान आणि नेमका आहे : ज्याने मोल दिले, त्याला आपली प्रत सांभाळता यावी की नाही?

भारतीय कायद्याचे उत्तर मोठे उद्बोधक आहे. १९५७ च्या स्वामित्वहक्क कायद्याच्या कलम ५२ नुसार संगणकीय आज्ञावलीची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला, ती नष्ट होण्यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून, राखीव प्रत करता येते. म्हणजे तत्त्व मान्य आहे. पण कन्सोलचे कुलूपच असे, की तशी केलेली प्रत सहसा चालत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने बिगरव्यापारी सार्वजनिक ग्रंथालयांना जतनासाठी विद्युत् प्रत ठेवण्याची मुभा दिली. अट इतकीच, की त्या कृतीची अंकीय नसलेली प्रत ग्रंथालयाकडे आधीच असावी. जी कृती जन्मापासून केवळ अंकीय आहे, तिच्याविषयी हे कलम मुके आहे. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेल्या कायद्याने निदान शब्दांची शुद्धी केली : दिली जाते ती केवळ परवानगी आहे हे स्पष्ट न सांगता अंकीय वस्तूंच्या दुकानदाराला तेथे ‘विकत घ्या’ असे म्हणता येत नाही.

शब्दांची शुद्धी हे आमचेच क्षेत्र असल्याने त्याचे मोल आम्ही जाणतो. पण तेवढ्याने भागणार नाही. दुकान बंद करणाऱ्याने ग्राहकाला कुलपाविना चालणारी प्रत द्यावी. निदान एका सार्वजनिक ग्रंथालयात किल्लीसह एक प्रत ठेवावी. आणि जतनाच्या कलमात केवळ अंकीय कृतींचाही समावेश व्हावा, एवढ्या तीन मागण्या अवास्तव नाहीत. आज मराठी कथा, कविता, नियतकालिके, श्राव्य पुस्तके वेगाने याच परवान्यांच्या दुनियेत जात आहेत. शंभर वर्षांनी कोणी हिरालाल जैन आपल्या काळाचे वाङ्मय शोधायला निघाले, तर त्यांना खात्यांच्या याद्या सापडतील. त्या याद्यांतील ग्रंथ आणि खेळ सापडायचे असतील, तर ते कोणाच्या तरी कपाटात आजच उतरलेले असले पाहिजेत.