फिरंगी पाते, देशी मूठ

गोव्याचा इतिहास लिहिणाऱ्यांनी लढायांच्या तारखा दिल्या, तहांची कलमे दिली, किल्ले कुणी घेतले आणि कुणी सोडले हेही दिले. डॉ. पांडुरंग पिसुर्लेकरांसारख्या संशोधकाने तर जुन्या दप्तरांची पानेन्‌पाने उलटून पोर्तुगीज आणि मराठे यांच्या संबंधांचा पट आपल्यापुढे मांडला. परंतु या लढाया ज्या हत्यारांनी झाल्या ती कशी बदलत गेली, कुणी बदलली, हा प्रश्न आपण क्वचितच विचारतो. तलवार कुणी चालवली ते आपल्याला पाठ असते. ती कुणी घडवली त्याचे नाव बहुधा कुणालाच ठाऊक नसते.

हा विषय डोक्यात आला त्याचे निमित्त जरा गमतीचे आहे. आमच्या शाळेतली मोठी मुले मधल्या सुट्टीत 'एल्डन रिंग' नावाच्या एका संगणकीय खेळाबद्दल तावातावाने बोलत असतात. २०२२ साली निघालेला हा खेळ अतिशय अवघड आहे म्हणे. राक्षस पुन:पुन्हा मारतो आणि खेळणारा पुन:पुन्हा मरतो. एकाला विचारले, "मग जिंकता कसे रे?" तो म्हणाला, "सर, नुसती नवी तलवार मिळून चालत नाही. आहे तीच लोहाराकडे नेऊन वाढवावी लागते. त्यासाठी खास दगड शोधून आणावे लागतात, वर त्याची मजुरी." खेळातला तो म्हातारा लोहार स्वत: कैदी आहे, साखळदंडाने बांधलेला, हेही त्याने सांगितले. मुलांना खेळू नका म्हणून सांगणे हे माझे काम. पण ज्याने हा खेळ रचला त्याने इतिहास बरा वाचला असावा असे मला वाटून गेले.

आपल्या भागातले सर्वांत बोलके हत्यार म्हणजे फिरंग. नावातच तिचे कुळ आले. सरळ, लांब, युरोपात घडलेले पाते आणि त्याला इथल्या पद्धतीची, पंजा झाकणारी रुंद परज असलेली मूठ. जर्मनीतल्या सोलिंगेनची, स्पेनमधल्या तोलेदोची, इटलीतली अशी पाती जहाजांतून पश्चिम किनाऱ्यावर उतरत. पाते तेवढे विकत घ्यायचे, मूठ मात्र इथे चढवायची, असा व्यवहार होता. यामागे कारण होते. युरोपियन माणूस तलवार खुपसण्यासाठी धरी, बोट आडव्या दांडीवरून पुढे टाकी. आपल्याकडची धरण्याची आणि फिरवण्याची रीत वेगळी. म्हणून मुठीच्या मागच्या टोकाला गजासारखी एक दांडी ठेवत; वेळ पडली तर दुसऱ्या हाताने ती धरून दोन्ही हातांचा वार करता येई.

मूठ चढवणे हे वरवर वाटते तितके सोपे काम नव्हे. पात्याचे शेपूट मुठीच्या पोकळीत बसवायचे, त्या पोकळीत तापवलेली लाख-राळ ओतायची, ती थंड होऊन घट्ट झाली की पाते पक्के. पण लांब फिरंगी पाते एवढ्याने टिकत नाही, जोराचा वार झाला की मुळाशी हलते. म्हणून मुठीपासून पात्यावर उतरणाऱ्या लोखंडी पट्ट्या दोन्ही बाजूंनी बसवून त्यांना खिळे ठोकत. जुनी फिरंग हाती आली तर या पट्ट्या बोटाला लागतात. त्या पट्ट्या म्हणजेच आपल्या लोहाराची सही. पात्यावर मात्र युरोपातल्या कारागिराचा शिक्का असे आणि गिऱ्हाईक तो शिक्का पाहूनच किंमत देई. पुढे पुढे इथल्या लोहारांनी स्वत:च्या पात्यांवर तसेच शिक्के उमटवायला सुरुवात केली. याला कुणी फसवणूक म्हणेल. मला त्यात परदेशी मालाच्या मोहाला दिलेले खट्याळ उत्तर दिसते.

करवीरच्या छत्रपतींकडून १८७५-७६ च्या दौऱ्यात इंग्लंडच्या युवराजाला गेलेली तलवार आज तिथल्या राजघराण्याच्या संग्रहात आहे. शिवाजी महाराजांची स्मृतिवस्तू म्हणून तिची नोंद झाली. त्या नोंदीप्रमाणे तिचे सरळ पाते युरोपियन बनावटीचे असून त्यावर 'आयएचएस' ही येशूच्या नावाची अक्षरे तीन-तीनदा उठवलेली आहेत. आमच्या डिचोलीजवळच्या नार्व्याला श्रीसप्तकोटेश्वराचे देऊळ महाराजांनी १६६८ साली पुन्हा उभारले, आणि महाराजांकडची एक नामांकित फिरंग सावंतांकडून आलेली होती अशीही परंपरा सांगितली जाते. परंपरेचा पुरावा वेगळा आणि दप्तराचा वेगळा, हे मान्य. पण धर्मासाठी झगडणाऱ्या राजाला पात्यावरची परकी अक्षरे खरवडून काढावीशी वाटली नाहीत. पोलाद चांगले होते, तेवढे त्याला पुरे होते.

आता बंदुकीकडे वळू, कारण खरी गोम तिथे आहे. पोर्तुगीजांनी बंदूक आणली आणि आपण ती त्यांच्याकडून शिकलो, असे आपण वर्गात शिकवत आलो. हे अर्धेच खरे आहे. २५ नोव्हेंबर १५१० रोजी आफोन्सो द आल्बुकेर्कने गोवा दुसऱ्यांदा आणि कायमचे घेतले, तेव्हा आदिलशाहीचे शस्त्रागार आणि त्यातले कारागीर आयतेच त्याच्या हाती लागले. तीन वर्षांनी, १५१३ साली, त्याने राजा मानुएलला कळवले की गोव्यातले हे कारागीर बोहेमियातल्या बंदुकांच्या तोडीच्या बंदुका बनवतात. त्या काळी बोहेमिया आणि जर्मनी म्हणजे या विद्येचे माहेरघर. जिंकणाऱ्याने हरलेल्याच्या लोहाराला दिलेले हे प्रशस्तिपत्र आहे. आल्बुकेर्कने त्यांना हाकलले नाही. कामावर ठेवले, पगार दिला. तुर्की आणि इराणी वळणाची इथली विद्या युरोपियन विद्येशी जुळली आणि तिच्यातून चटकन पडणाऱ्या चापाची एक नवीनच बंदूक तयार झाली.

ही बंदूक कुठे गेली? १५४३ साली काही पोर्तुगीज जपानच्या तानेगाशिमा बेटावर उतरले. तिथल्या तरुण सरदाराने त्यांच्याजवळच्या दोन बंदुका विकत घेतल्या आणि आपल्या लोहाराला तशीच घडवायला सांगितले. नळी जमली, पण नळीचे मागचे तोंड बंद करणारा आट्यांचा खिळा काही जमेना. आटे पाडण्याची युक्ती जपानी लोहारांना ठाऊक नव्हती. पुढच्या वर्षी आलेल्या जहाजावरच्या एका लोहाराने ती दाखवली आणि मग काही दशकांतच जपानात बंदुकांचे कारखाने निघाले. १५७५ च्या नागाशिनोच्या लढाईत ओदा नोबुनागाकडे तीन हजार बंदूकधारी असल्याचे परंपरेने सांगतात. त्या पहिल्या दोन बंदुकांची चापाची घडण गोवा-मलाक्का वळणाची होती, असे अनेक अभ्यासकांचे मत आहे. मुलांचा तो संगणकीय खेळही जपानातच तयार झालेला आहे हे कळले तेव्हा मला हसू आले.

मग प्रश्न असा की जी विद्या जपानात रुजली ती ज्या भूमीतून गेली त्या भूमीत का वाढली नाही? माझ्या मते उत्तर लोहाराच्या धन्यात शोधावे लागते. पोर्तुगीजांनी गोव्यात तोफांची ओतशाळा चालवली, जवळच पणेलीला दारूचा कारखाना ठेवला. ओतशाळेतल्या पेद्रो दियास बोकार्रोचा मुलगा पुढे मकावला जाऊन तिथे नामवंत ओतारी झाला. म्हणजे विद्या बापाकडून मुलाकडे, एका ठाण्यातून दुसऱ्या ठाण्यात जात राहिली. आपल्या सरदारांनी मात्र तोफा बहुतेक विकत घेतल्या. विकणारा आज मित्र असतो, उद्या नसतो. १६६० साली पन्हाळ्याच्या वेढ्यात राजापूरच्या इंग्रजांनी सिद्दी जौहरला तोफगोळ्यांची मदत केली आणि महाराजांना पुढच्याच वर्षी राजापूरची वखार लुटून त्यांना धडा शिकवावा लागला. आरमार, तोफा, दारूगोळा हेच टोपीकरांचे बळ आहे, असे रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात बजावलेले आहे. रोग बरोबर ओळखला होता. औषधाची सोय सावंतवाडीकर भोसल्यांसारख्या लहान संस्थानिकाला कुठून होणार?

याचा हिशेब ५ मे १७४६ रोजी चुकता झाला. पेडणे महालातला शापोरा नदीकाठचा हळर्ण किल्ला भोसल्यांकडे होता. व्हाइसरॉय कास्तेलु नोव्हूच्या मार्किसने तो एका हल्ल्यात घेतला. दरवाजा फोडण्यासाठी पेटार्ड, म्हणजे दरवाजाला चिकटवून उडवायचे दारूचे भांडे, त्याच्या फौजेने वापरले. आतल्यांचे शौर्य कमी नव्हते. पण एव्हाना युरोपातल्या पायदळाच्या खांद्यावर चकमकीची बंदूक आणि तिच्या टोकाला संगीन आलेली होती. आपल्याकडची बहुतेक हत्यारे तोड्याचीच होती. तोडा म्हणजे जळती वात. ती सतत पेटती ठेवावी लागते. कोकणातल्या वळवाची एक सर आली की वात विझते, दारू ओली होते आणि बंदुकीची काठी होते. हे इथल्या कुठल्याही शेतकऱ्याला कळले असते, आणि तरीही तोड्याची बंदूक आपल्याकडे पुढे दीर्घकाळ चालली, कारण ती गावातल्या लोहाराला दुरुस्त करता येई. चकमकीच्या चापातली पोलादी कमान तुटली की नवी आणायची कुठून? जुन्याला चिकटून राहण्यामागे नेहमी आळसच असतो असे नाही.

हळर्ण घेणाऱ्याला पोर्तुगालच्या राजाने 'मार्किस द आलोर्ना' ही पदवी दिली. आमच्या एका खेड्याचे नाव लिस्बनच्या दरबारात असे मिरवले! त्याच वर्षी डिचोली, साखळी, तेरेखोल हीदेखील त्याने घेतली. मध्यंतरी यातला काही मुलूख तहाने भोसल्यांकडे परत आला. पण १७८१-८२ मध्ये डिचोली-साखळी आणि १७८८ मध्ये पेडणे कायमचे गेले आणि 'नव्या काबिजादी'त जमा झाले.

या साऱ्याची खूण आपल्या तोंडातल्या शब्दांवर राहिली आहे. तोफ तुर्की, बंदूक अरबी, तर काडतूस आणि पिस्तूल पोर्तुगीज वळणाचे. ऐरण, घण, भाता आणि 'धारेला पाणी देणे' हे मात्र घरचे. हत्यारांची नावे बाहेरून आली, ती दुरुस्त करणाऱ्या अवजारांची आली नाहीत.

डिचोली तालुक्याच्या पोटात लोखंड आहे हे आता शाळकरी पोरालाही माहीत आहे. १९५० च्या दशकात शिरगाव, पाळी या बाजूचे खनिज बार्जेसमधून मुरगावला जाऊ लागले आणि त्याचा मोठा गिऱ्हाईक होता जपान. चारशे वर्षांपूर्वी गोव्याच्या वळणाची घडीव बंदूक जपानला गेली होती. या वेळी नुसती माती गेली. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने खाणी थांबवल्या, २०१८ मध्ये पुन्हा थांबवल्या, तेव्हा ट्रक आणि बार्जेस उभ्या राहिल्या. एवढ्या वर्षांत त्या खनिजापासून या तालुक्यात काय घडवले गेले, याचा विचार त्या काळातल्या चर्चांत फारसा झालेला मला दिसला नाही.

लोहारशाळा मात्र अगदीच संपल्या नाहीत. ट्रकच्या जुन्या कमानपाटीतून कोयता काढणारे चारी अजून भेटतात. ती पाटी तापवून, ठोकून, रंग पाहून नेमक्या क्षणी पाण्यात बुडवण्याची त्यांची रीत फिरंग बसवणाऱ्याहून फार निराळी नाही. बाहेरून आलेले पोलाद, इथली मूठ.

वाचकांना एक विनंती आहे. दसऱ्याला पाटावर मांडलेली तलवार ज्यांच्या घरी असेल त्यांनी ती विटेच्या भुकटीने किंवा काचकागदाने घासू नये. नुसते तेल लावून मऊ फडक्याने पुसावे आणि मुठीपासून चार बोटांच्या आत, पात्याच्या दोन्ही अंगांना, उजेड तिरपा धरून पाहावे. तिथे अक्षरे, चंद्रकोर किंवा एखाद्या प्राण्याची आकृती असेल तर तिचा कागदावर ठसा घ्यावा आणि मुठीच्या पट्ट्यांचे खिळे मोजून ठेवावेत. गावात ते काम करणारे लोहाराचे घराणे कुठले होते, हे सांगणारी म्हातारी माणसे अजून थोडी आहेत. त्यांनाही विचारून घ्यावे.