कियोसातोचे दूध

नकाशावर थंड हवेचे ठिकाण दिसले की माझ्यातल्या शाळामास्तराला पहिला प्रश्न पडतो तो हा : इथे बारमाही राहते कोण? जपानातल्या कियोसातोने याचे जे उत्तर दिले, ते मला विसरता येत नाही.

यामानाशी प्रांतात, यात्सुगाताके पर्वताच्या उतारावर हे गाव आहे. तिथल्या रेल्वे स्थानकाचीच उंची बाराशे मीटरांहून अधिक. तोक्योला पाणी पुरवण्यासाठी १९३८ साली ओगोची धरणाचे काम सुरू झाले. ज्यांची घरेदारे त्यात बुडणार होती, त्यांपैकी काही कुटुंबे त्याच वर्षी या माळावर आली. रान तोडले, मुळे उपटली. पण जमीन गारठलेली. भातावर जगणाऱ्या माणसांना तिथे भातच पिकेना!

त्याच साली पॉल रश या अमेरिकन प्राध्यापकाने इथे ‘सेइसेन-र्‍यो’ हे शिबिरगृह उभारले होते. युद्धात त्याला मायदेशी जावे लागले; १९४५ साली तो परतला. भातापायी झुरू नका, गाई पाळा, थंडीत वाढणारा भाजीपाला लावा, असा मार्ग त्याने दाखवला. जर्सी गाई आल्या. दवाखाना, बालवाडी झाली.

१९८०च्या दशकात शहरी तरुणांची झुंबड उडाली, रंगीबेरंगी दुकाने उठली आणि पुढे ओसही पडली. गाई मात्र राहिल्या. सेइसेन-र्‍योचे आइस्क्रीम तोक्योचा प्रवासी आजही हौसेने खातो. त्याच्या घरच्या नळाला पाणी यावे म्हणून जे उठले, त्यांच्याच घामाचा वाटा त्या दुधातही आहे, हे त्याला कुणीतरी सांगायला हवे.