खांद्यावरचा कॅमेरा

१८९९ साली सावेदादा ऊर्फ हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्ती चित्रित केली, तेव्हा हाताने फिरविण्याचे ते मूक यंत्र विजेवाचून कोठेही नेता येत असे. पुढे बोलपटाचे युग अवतरले आणि यंत्राची घरघर ध्वनिमुद्रणात उतरू नये म्हणून जाड आवरणात कोंडलेल्या कॅमेऱ्याभोवती दिवे, तारा व कामगार यांचा एवढा लवाजमा जमला की, वास्तवानेच त्याच्यासमोर हजर राहून जबानी द्यावी, अशी माहितीपटाची रीत पडून गेली.

ही कैद १९६० च्या सुमारास सुटली. १६ मिलिमीटर फितीचे, खांद्यावर पेलणारे कॅमेरे आणि बॅटरीवर चालणारी ध्वनिमुद्रक यंत्रे हाती येताच अमेरिकी माहितीपटकार रॉबर्ट ड्रू यांच्या सहकाऱ्यांनी विस्कॉन्सिनमधील केनेडी व हंफ्री यांची अध्यक्षपदाच्या उमेदवारीसाठीची प्राथमिक निवडणूक ‘प्रायमरी’ या चित्रपटात टिपली; गर्दीतून वाट काढणाऱ्या केनेडींच्या पाठोपाठ कॅमेरा उंच धरून चाललेले आल्बर्ट मेझल्स प्रेक्षकालाही त्या दाटीत ओढून नेतात. १९६० सालीच पॅरिसमध्ये, झां रूश व एदगार मोरँ यांच्या चित्रपटासाठी, छळछावणीतून वाचलेली मार्सलीन ‘नाग्रा’ ध्वनिमुद्रक अंगावर वागवीत एकटीच चालत राहिली आणि परत न आलेल्या पित्याशी हलक्या स्वरात बोलली; असा एकांत पूर्वीच्या लवाजम्यात संभवतच नव्हता.

माहितीपटावर पडद्यामागून भाष्य करणाऱ्या निवेदकाची अधिकारवाणी अशा रीतीने क्षीण झाली खरी. परंतु कोणता क्षण ठेवावा व कोणता गाळावा, याचा अखत्यार मात्र संकलकाच्या मेजावर पूर्ववत कायम राहिला.