चाकाच्या खुर्चीतला कॅमेरा

७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंचे सहा चित्रपट दाखवले गेले, हे आपण कुठेतरी वाचलेलं असतं. त्यातल्या आगगाडीचं कौतुक सगळे करतात, पण एक चित्रपट समुद्रस्नानाचाही होता! दक्षिण फ्रान्समधल्या ला सिओताला पोरं फळीवरून धावत येऊन पाण्यात उड्या मारतात, बाहेर येऊन पुन्हा हजर. मिनिटभराचाच कारभार.

त्याच किनारपट्टीवरच्या नीस शहरात जाँ व्हिगो या तरुणाने 'आ प्रोपो द नीस' हा पंचवीसेक मिनिटांचा मूक माहितीपट केला, तो १९३० साली पडद्यावर आला. सोफिया अँटिपोलिसला प्रोजेक्टवर असताना मी वीकएंडला नीसच्या समुद्रालगतच्या प्रोमनादवर फिरायचो, म्हणून कुतूहलाने तो बघितला. हा रस्ता १८२० च्या दशकात, गरिबांना काम मिळावं म्हणून इंग्रजांच्या पैशातून सुरू झाला. व्हिगोच्या काळात तिथे धनिक मंडळी ऊन खात बसत.

त्यांच्या नकळत शूटिंग कसं करायचं? छायाचित्रकार बोरिस कॉफमन चाकाच्या खुर्चीत बसायचा, कॅमेरा झाकलेला, आणि व्हिगो खुर्ची ढकलायचा. हवापालटाच्या गावात आजाऱ्याकडे कोण बघणार? खरा आजारी होता ढकलणारा. व्हिगोला क्षय होता, म्हणूनच तो नीसला आलेला. कॅमेरा सासऱ्यांच्या पैशातून!

संकलन तर भन्नाट. मिजाशीत चालणाऱ्या बाईनंतर एकदम शहामृग. खुर्चीतल्या एका बाईचे कपडे क्षणाक्षणाला बदलतात आणि शेवटी अंगावर काहीच उरत नाही (मुलांना आधी झोपवा). खेळण्यातल्या आगगाडीने आलेल्या बाहुल्या-पर्यटकांना जुगाराच्या टेबलावरचा दांडा सरळ ओढून नेतो. मग जुन्या नीसच्या अरुंद गल्ल्या, वर वाळत घातलेले कपडे, खाली खेळणारी मुलं, आणि त्यातल्या एकाचे रोगाने बिघडलेले हात.

माहितीपटाला स्वतःचा दृष्टिकोन हवा, असं व्हिगोने जून १९३० मध्ये पॅरिसला भाषणात सांगितलं. मान्य. धनिकांची चोरून केलेली टिंगल मला पटते. पण त्या मुलालाही कोणी विचारलं असेल असं वाटत नाही, आणि ते मला अजून टोचतं.

५ ऑक्टोबर १९३४ ला व्हिगो गेला, अवघ्या २९ व्या वर्षी. त्याचे चारही चित्रपट मिळून तीन तास भरत नाहीत, एका संध्याकाळी बघून होतात.