'निशाणी पाच' आणि तीस दिवसांची मुदत

सातारा आणि सांगली जिल्ह्यांतील दिवाणी दाव्यांत बांध, वाटणी, विहिरीचे पाणी आणि उसाच्या गाडीचा रस्ता हे नेहमीचे विषय. दाव्याचा अंतिम निकाल लागण्यास वर्षे जातात, म्हणून वादी दाव्यासोबतच तूर्तातूर्त मनाई हुकमाचा अर्ज देतो. त्यावर बहुधा निशाणी ५ पडते आणि न्यायालयाच्या आवारात तो 'निशाणी पाच' याच नावाने ओळखला जातो. दावा चालेपर्यंत मिळकत आहे त्या स्थितीत राहावी, एवढाच त्याचा हेतू. तोच अर्ज पडून राहिला, तर दरम्यान बांध उकरला जातो, खरेदीखत होते, भिंत उभी राहते. उभी राहिलेली भिंत अंतरिम आदेशाने पाडून घेणे मनाई मिळवण्यापेक्षा कितीतरी कठीण असते.

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ३९ खाली हा अर्ज चालतो. प्रथमदर्शनी बाजू, सोय-गैरसोयीचे पारडे आणि पैशाने भरून न येणारे नुकसान या तीन कसोट्या न्यायालय लावते. नियम ३ प्रमाणे आधी प्रतिवादीस नोटीस द्यावी लागते. विलंबाने हेतूच विफल होणार असेल, तर कारणे नोंदवून एकतर्फी मनाई देता येते. १९७६ च्या दुरुस्तीने आलेल्या नियम ३-अ नुसार अशी मनाई दिल्यापासून तीस दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न करावा. न जमल्यास कारणे नोंदवावीत. ही मुदत न पाळल्यास त्या एकतर्फी आदेशाविरुद्ध अपील करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये वेंकटसुब्बय्या नायडू प्रकरणात स्पष्ट केले.

मात्र एकतर्फी आदेश न देता न्यायालयाने केवळ नोटीस काढली, तर संहितेत अशी मुदतच नाही. खरी रखडपट्टी येथे होते. एकत्र कुटुंबाच्या जमिनीत सहहिस्सेदार अनेक, त्यांतील काही मुंबई-पुण्यास. एकाला जरी नोटीस बजावली गेली नाही, तरी पुढची तारीख पडते. मग म्हणणे देण्यास मुदत, त्यानंतर युक्तिवादासाठी मुदत. ज्याच्या ताब्याला धोका आहे तो तारखा मोजतो. ज्याला काम उरकायचे आहे त्याला प्रत्येक तारीख लाभाची ठरते.

महाराष्ट्रात यात आणखी एक अडसर होता. राज्य दुरुस्तीने संहितेत घातलेल्या कलम ९-अ मुळे प्रतिवादीने अधिकारक्षेत्राचा आक्षेप घेतला, की तो मुद्दा आधी ठरवावा लागे. दरम्यान अंतरिम दिलासा देण्याची मुभा कलमातच होती, पण मूळ अर्ज लांबत असे. २७ जून २०१८ पासून हे कलम वगळण्यात आले.

कनिष्ठ स्तर न्यायालयाच्या आदेशावर जिल्हा न्यायालयात अपील होते. त्यावर दुसरे अपील नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागते. त्यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू झाल्याने दोन्ही जिल्ह्यांतील पक्षकारांचा हा फेरा तरी कमी झाला आहे.

केवळ शेतरस्ता अडवल्याची तक्रार असेल, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडे दाद मागता येते. त्यासाठी अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत जावे लागते आणि मालकीचा प्रश्न तेथे सुटत नाही.