शाळेंतील वडीलकी : सेवाज्येष्ठतेच्या तंट्यांचे कागद

देशमुख-पाटलांच्या दप्तरांत जे महजर व निवाडपत्रें सांपडतात, त्यांतील पुष्कळसे वडीलपणाच्या भांडणाचे असतात. पान आधीं कोणीं घ्यावें, नांगराची निशाणी वर कोणाची व खालीं कोणाची, एवढ्यासाठीं घराणीं पिढ्यान्‌पिढ्या गोतापुढें उभीं राहिलीं. प्रसंगीं तापल्या तेलांतून रवा काढण्याचें दिव्यहि त्यांनीं पत्करलें. पुढें वतनें गेलीं, परंतु वडीलकीचा वाद शाळेंत येऊन राहिला. तेथें त्यास सेवाज्येष्ठता म्हणतात, आणि मान म्हणजे मुख्याध्यापकाची खुर्ची. या वादाचे कागद संग्राहकांनीं अद्याप हातीं धरलेले नाहींत, म्हणून हें टिपण.

स्थळ म्हणून आम्ही नवी मुंबई घेतों. १७ मार्च १९७० रोजीं सिडको स्थापन झाली, व ठाणें, पनवेल आणि उरण या तालुक्यांतील ९५ गांवांच्या भूमीवर नवें शहर आंखलें गेलें. बेलापूरच्या जुन्या किल्ल्याचे अवशेष पाहण्यास जाणारा संशोधक कोंकण भवनावरून जातो. परंतु विभागीय कचेऱ्यांच्या त्या इमारतींतहि आपल्या कामाचें कांहीं असेल असें त्याच्या मनांत सहसा येत नाहीं. खाजगी शाळांतील शिक्षकांचे तंटे ऐकणारें एक शाळा न्यायाधिकरण नवी मुंबईसाठीं आहे.

१९८१ पूर्वी माध्यमिक शाळांचा कारभार माध्यमिक शाळा संहितेप्रमाणें चाले. ही संहिता म्हणजे सरकारच्या कार्यकारी सूचना. तिला कायद्याचें बळ नव्हतें, व डावलल्या गेलेल्या शिक्षकास तिच्या आधारें दाद मिळणें कठीण होतें. १९७७ चा महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा अधिनियम हा १९७८ चा ३ रा अधिनियम असून तो १५ जुलै १९८१ पासून अंमलांत आला. त्याच वर्षी नियमावली झाली. तिच्या १२ व्या नियमाप्रमाणें व्यवस्थापनानें ज्येष्ठतेची यादी करावी, ती शिक्षकांत फिरवावी, प्रत पोंचल्याबद्दल सह्या घ्याव्या व हरकती विचारांत घ्याव्या. तरीहि वाद राहिल्यास निर्णय शिक्षणाधिकाऱ्याचा.

यादी कशी करावी हें अनुसूची 'फ' मध्यें आहे, आणि सर्व मौज तेथेंच आहे. प्राथमिक शाळेंत हिशेब सरळ : अखंड सेवा ज्याची अधिक तो वडील. माध्यमिकांत मात्र प्रवर्गांची उतरती शिडी आहे. ५०० हून अधिक विद्यार्थ्यांच्या शाळेचा प्रमुख अगदीं वरच्या पायरीवर. त्याखालीं लहान शाळांचे प्रमुख. तिसऱ्या पायरीवर पदवी आणि बी.एड. असलेले शिक्षक, आणि मग खालीं डी.एड. वगैरे. समजा, एक गृहस्थ डी.एड. होऊन १५ वर्षें शिकवीत आहेत, दुसरे बी.ए., बी.एड. होऊन ५ वर्षांपूर्वीं आले. पहिल्यांनीं पुढें पदवी व बी.एड. मिळविली, तरी त्या तिसऱ्या पायरीवर त्यांचा जन्म त्या दिवशींचा! मागील सेवा तेथें धरावी कीं नाहीं, यावरूनच बहुतेक कज्जे उभे राहतात. पात्रतेस मोल असावें हें आम्हांस मान्य आहे. तथापि १५ वर्षें फळ्यापुढें उभ्या राहिलेल्या माणसास हा न्याय कडू लागावा, हेंहि स्वाभाविक आहे. एकाच प्रवर्गांत नेमणुकीची तारीख एकच निघाली तर जन्मतारीख पाहावी असें टिपेंत म्हटलें आहे. वतनाची वडीलकी येथें मागील दारानें परत आली!

मुख्याध्यापकाची जागा भरतांना, व्यवस्थापनाच्या एकाहून अधिक शाळा असल्यास, त्या सर्वांतील शिक्षक धरून जो पात्र, समाधानकारक सेवेचा व सर्वांत ज्येष्ठ असेल त्यास नेमावें असा नियम आहे. रात्रशाळा तेवढ्या वेगळ्या. अल्पसंख्याकांच्या शाळांस प्रमुखाच्या निवडीपुरती या कायद्यांतून मोकळीक आहे, ती ध्यानांत न घेतां यादी वाचणारा फसतो.

ज्येष्ठास ती जागा नको असेल तर त्यानें हक्क सोडल्याचें पत्र स्वहस्ताक्षरांत, शिक्षणाधिकाऱ्यासमक्ष, १५ दिवसांत लिहून द्यावें, व आपल्यापुढें लिहिलें असा शेरा अधिकाऱ्यानें मारावा. जुन्या बेदाव्याचाच हा वंशज होय. गोताच्या साक्षीऐवजीं शेरा आला एवढाच फरक. मात्र हा बेदावा कायमचा नाहीं. पुढील रिकाम्या जागेसाठीं त्याचा हक्क शाबूत राहतो.

बढतींत डावललेल्या शिक्षकास ९ व्या कलमान्वयें ३० दिवसांत न्यायाधिकरणाकडे अपील करतां येतें. त्याचा पीठासीन अधिकारी दिवाणी न्यायाधीश, वरिष्ठ स्तर, याहून खालच्या दर्जाचा नसतो. त्यावरहि समाधान न झालेला पक्ष उच्च न्यायालयांत जातो, आणि तोंवर कित्येकदां वादी सेवानिवृत्त झालेला असतो.

निकाल छापले जातात. ज्यांवरून निकाल झाले ते कागद शाळेच्या कपाटांत कुजतात. फिरविलेली यादी, तिच्यावरील सह्या, हरकतींचे अर्ज, सेवापुस्तकें, हे मिळतील तेथें मिळवावे. वाचतांना पहिल्या नेमणुकीची, अखंड सेवा सुरू झाल्याची व प्रशिक्षण पुरें झाल्याची अशा तीन तारखा निरनिराळ्या टिपाव्या. शाई बदललेली, खाडाखोड झालेली वा मागाहून घातलेली तारीख दिसल्यास ती तशीच नकलून घ्यावी. दुरुस्त करूं नये. यादीवर एखाद्यानें 'हरकत राखून' असें लिहून सही केलेली आढळल्यास त्या पानाची नक्कल आधीं करावी.