फरशीचे नाममात्र माप आणि प्रत्यक्ष माप : एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :

वजनमापांच्या इतिहासाचा विचार होतो तेव्हा सामान्यतः जमीन, धान्य आणि नाणी यांची चर्चा होते. घरात पायाखाली असणाऱ्या फरशीचा उल्लेख त्यात क्वचितच येतो. महाराष्ट्रातील बाजारपेठेत 'दोन बाय दोन' या नावाने विकली जाणारी फरशी मोजली असता ती दोन फूट, म्हणजे ६०९.६ मि.मी., भरत नाही; ती सुमारे ६०० मि.मी. भरते. हा फरक पाहून ग्राहकास फसवणुकीचा संशय येणे स्वाभाविक आहे. प्रस्तुत लेखात या फरकाची ऐतिहासिक कारणे तपासली आहेत. एकाच फरशीत तीन वेगवेगळ्या मापव्यवस्था एकत्र नांदत असून त्यांची सरमिसळ झाल्याने व्यवहारात नुकसान होते, असे येथे प्रतिपादन केले आहे.

इंच-फुटांचा कालखंड :

एकोणिसाव्या शतकात मुंबईतील महत्त्वाच्या इमारतींसाठी इंग्लंडमधून फरशा आणल्या जात. १८७२ मध्ये खुल्या झालेल्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये, म्हणजे आजच्या डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयात, मिंटन फरशा आजही पाहावयास मिळतात. पुढे १९२२ मध्ये फेरोजशा सिधवा यांनी स्वदेशीच्या प्रेरणेने उरण येथे सिमेंटच्या फरशांचा उद्योग सुरू केला. उत्पादन स्वदेशी झाले. परंतु बांधकामाच्या व्यवहारातील परिमाणे इंच आणि फूट हीच राहिली. 'नऊ इंची भिंत', 'आठ बाय आठची लादी' आणि १०० चौरस फुटांचा 'ब्रास' हे शब्द गवंड्यांच्या बोलीत याच काळात रुळले.

मेट्रिक पद्धती व मानकीकरण :

स्वातंत्र्यानंतर १९५६ च्या वजने व मापे मानक कायद्याने मेट्रिक पद्धती स्वीकारण्यात आली. १९५८ पासून तिची टप्प्याटप्प्याने अंमलबजावणी होऊन १९६२ पर्यंत संक्रमण बहुतांशी पूर्ण झाले. १९४७ मध्ये स्थापन झालेल्या भारतीय मानक संस्थेने १९५९ मध्ये सिमेंट काँक्रीटच्या फरशीसाठी आय.एस. १२३७ हे मानक प्रसिद्ध केले व १९८० मध्ये ते सुधारले.

येथे केवळ इंचाचे मिलिमीटरमध्ये रूपांतर झाले नाही. बांधकामाचे सर्व घटक १०० मि.मी.च्या पटीत बसावेत, हा विचार त्या काळी जगभर मान्यता पावत होता. त्यानुसार २०३.२ मि.मी.ची आठ इंची लादी २०० मि.मी.ची झाली. मात्र दोन लाद्यांमध्ये सांधा येतोच. म्हणून २० सें.मी. हे नाममात्र माप मानून प्रत्यक्ष माप १९.८५ सें.मी. ठेवण्यात आले, २५ व ३० सें.मी.च्या लाद्यांची प्रत्यक्ष मापे अनुक्रमे २४.८५ व २९.८५ सें.मी. ठरली. विटेच्या बाबतीतही हेच घडले. नाममात्र २० × १० × १० सें.मी.ची वीट प्रत्यक्षात १९ × ९ × ९ सें.मी. असते, उरलेला एक सेंटिमीटर मसाल्याचा असतो. नाममात्र माप हे अशा प्रकारे वस्तूने सांध्यासह व्यापावयाच्या जागेचे माप होते.

भाजलेल्या फरशीचा प्रश्न :

सिमेंटची लादी साच्यात दाबून तयार होते, त्यामुळे तिचे माप साच्यावर ठरते. सिरॅमिक फरशी मात्र भट्टीत भाजताना आकसते आणि हे आकसणे प्रत्येक वेळी तंतोतंत सारखे नसते. त्यामुळे १९९८ च्या आय.एस.ओ. १३००६ या आंतरराष्ट्रीय मानकात चार मापे वेगळी केलेली आढळतात : ओळखीसाठी नाममात्र माप, उत्पादनासाठी ठरविलेले कार्यमाप, मोजून मिळणारे प्रत्यक्ष माप आणि कार्यमापात सांध्याची रुंदी मिळवून येणारे समन्वय माप. भारतात २००६ मध्ये सिरॅमिक फरशीसाठी आय.एस. १५६२२ हे मानक आले. कारखान्यात भाजलेल्या फरशांची प्रत्यक्ष मापानुसार प्रतवारी केली जाते. एकाच नावाच्या दोन खेपांत मिलिमीटरचा फरक पडतो तो याच कारणाने.

व्यवहारावरील परिणाम :

एक ब्रास क्षेत्रासाठी आठ इंची लाद्या हिशेबाने २२५ लागतात. २०० मि.मी. माप धरल्यास ही संख्या २३३ होते आणि १९८.५ मि.मी.च्या लाद्या सांध्याविना धरल्यास २३६. 'दोन बाय दोन'चा हिशेब असाच आहे. १,००० चौरस फुटांसाठी नावाप्रमाणे २५० फरशा पुरावयास हव्यात, ६०० मि.मी.च्या फरशा दोन मि.मी. सांधा धरूनही २५७ लागतात. यात तूटफूट धरलेली नाही. चार फरशांचे खोके १६ चौरस फुटांचे समजले जाते, परंतु त्यातील फरशी १.४४ चौरस मीटर, म्हणजे १५.५ चौरस फूट असते. कारागिराची मजुरी जागेवरील प्रत्यक्ष मापाने दिली जाते आणि माल मात्र नावाच्या मापाने मागविला जातो. परिणामी काम संपत आले असता माल अपुरा पडतो. नंतर आणलेल्या खेपेचा रंग व माप जुळत नाही आणि त्याचा दोष बहुधा कारागिराच्या माथी येतो.

निष्कर्ष :

१) बोलीतील फूट, मानकातील नाममात्र माप आणि फरशीचे प्रत्यक्ष माप यांतील अंतर प्रामुख्याने ऐतिहासिक संक्रमणातून व उत्पादनप्रक्रियेतून निर्माण झाले आहे, ते मुळात फसवणुकीचे द्योतक नाही.

२) नाममात्र मापाला क्षेत्रफळ समजून आकारणी केल्यास मात्र ग्राहकाचे सुमारे तीन टक्के नुकसान होते. २००९ च्या वैध मापन कायद्यानुसार दर व देयके प्रमाणित मेट्रिक परिमाणांत असणे अपेक्षित आहे.

३) खोक्यावरील चौरस मीटर हा हिशेबाचा आधार मानून, एकाच खेपेतील माल तुटीसह एकदम घेणे हितावह ठरते.

कायद्याने परिमाण बदलता येते. बोलीतील परिमाण मात्र पिढ्यान्‌पिढ्या टिकते, याची साक्ष प्रत्येक घरातील फरशी देते.